उरलेले व्होल्ट जातात कुठे?

चंद्रपूरच्या औष्णिक वीजकेंद्रातल्या ५०० मेगावॅटच्या संचातून वीज बाहेर पडते ती सुमारे २१ हजार व्होल्टला. केंद्राच्या आवारातच ती ४ लाख व्होल्टवर चढवली जाते आणि मनोऱ्यांवरून राज्यभर निघते. त्यानंतरचा तिचा सगळा प्रवास उताराचा. मोठ्या उपकेंद्रात २ लाख २० हजार किंवा १ लाख ३२ हजार, पुढच्या उपकेंद्रात ३३, २२ किंवा ११ हजार, गल्लीच्या तोंडाशी उभ्या असलेल्या डीपीत चारशेच्या आसपास, घरातल्या बोर्डावर २३०, साध्या मोबाइल चार्जरच्या टोकाला ५ आणि मोबाइलमधल्या प्रोसेसरपाशी एक व्होल्टच्या आसपास.

या उतरंडीच्या प्रत्येक पायरीवर काम एकच: व्होल्टेज कमी करणं. पण ते करायच्या रीती अनेक. काही दीडशे वर्षं जुन्या, काही कालपरवाच्या. काही रुपयाभरात होणाऱ्या, काहींना कोट्यवधींची यंत्रं लागणाऱ्या. त्या सगळ्यांकडे पाहताना एक प्रश्न हाताशी ठेवला तर गोंधळ होत नाही. बारा व्होल्ट आले, पाच हवे होते; मग मधल्या सातांचं काय झालं?

याची उत्तरं दोनच असू शकतात. पाचशेची नोट देऊन शंभराची वस्तू घेतली आणि उरलेले चारशे दुकानदाराकडेच सोडले, हा एक व्यवहार. त्याच नोटेची मोड घेऊन शंभराच्या पाच नोटा खिशात टाकल्या, हा दुसरा. व्होल्टेज कमी करणारी काही साधनं उरलेला दाब उष्णतेच्या रूपात जाळून टाकतात. बाकीची दाब कमी करतात, पण त्या बदल्यात विद्युतप्रवाह वाढवून देतात, म्हणजे एकूण शक्ती जवळपास तेवढीच राहते. हे प्रकरण या दोन घराण्यांची ओळख करून देणारं आहे.

आधी चढवायची कशाला?

शेवटी उतरवायचीच असेल तर वीज चार लाखांवर न्यायची तरी कशाला? कारण तारेत होणारी नासाडी प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. तेवढीच शक्ती दहापट व्होल्टेजने पाठवली तर प्रवाह एक दशांश लागतो आणि तारेतली उष्णता शंभरपट घटते. लांबच्या वाटेला उंच व्होल्टेज आणि वापराच्या जागेजवळ कमी, हा वीजवितरणाचा पाया आहे.

थॉमस एडिसनने १८८२ मध्ये न्यूयॉर्कच्या पर्ल स्ट्रीटवर वीजकेंद्र सुरू केलं तेव्हा त्याच्यापाशी ही सोय नव्हती. त्याची वीज डीसी, म्हणजे एकाच दिशेने वाहणारी, सुमारे ११० व्होल्टची. डीसी सहजासहजी चढवता येत नव्हती आणि उतरवताही येत नव्हती. त्यामुळे जिथे दिवे तिथेच जवळ वीजकेंद्र, असा प्रकार होता. काही किलोमीटरवर नेलं की जाड तांब्याच्या तारांचा खर्च हाताबाहेर जाई.

कोंडी फोडली ती ट्रान्सफॉर्मरने. मायकेल फॅरडेने १८३१ मध्ये लोखंडी कड्यावर दोन वेटोळी गुंडाळून दाखवलं होतं, की एका वेटोळ्यातला प्रवाह बदलला की दुसऱ्यात क्षणभर वीज उत्पन्न होते. त्याचं व्यवहारोपयोगी यंत्र व्हायला अर्धशतक लागलं. बुडापेस्टच्या गांझ कारखान्यातल्या झिपेर्नोव्स्की, ब्लाथी आणि देरी या तिघांनी १८८५ मध्ये बंद गाभ्याचा ट्रान्सफॉर्मर बनवला. पुढच्याच वर्षी विल्यम स्टॅन्लीने अमेरिकेतल्या ग्रेट बॅरिंग्टन या गावात ५०० व्होल्टची एसी वीज आणून ती दुकानांच्या तळघरांत बसवलेल्या ट्रान्सफॉर्मरांनी १०० व्होल्टवर उतरवली. आपल्या गल्लीतली डीपी ही त्याच तळघरांची वारसदार.

डीपीच्या पोटात

डीपीतला ट्रान्सफॉर्मर उघडला तर हलणारा असा एकही भाग सापडत नाही. सिलिकॉनयुक्त पोलादाच्या पातळ पत्र्यांचा गाभा, त्यावर दोन वेगळी वेटोळी आणि सभोवार तेल, बस्स. एसीची दिशा सेकंदाला पन्नास वेळा पुढे-मागे होते, गाभ्यातलं चुंबकत्व तिच्यासोबत हेलकावतं आणि दुसऱ्या वेटोळ्याच्या प्रत्येक वेढ्यात ठरावीक व्होल्टेज उत्पन्न करतं. वेढे जितके कमी, तितकं व्होल्टेज कमी. ११ हजारांच्या बाजूला ४४ वेढे असतील तिथे घरच्या बाजूला एक, असं साधारण प्रमाण. प्रवाहाचं गणित उलटं: घरच्या बाजूला तो ४४ पट. म्हणून डीपीत येणाऱ्या तारा बारीक आणि तिच्यातून घरांकडे निघणाऱ्या केबल जाड असतात. मोठ्या ट्रान्सफॉर्मरमध्ये आलेल्या शक्तीचा नव्व्याण्णव टक्क्यांहून जास्त भाग पुढे पोचतो. चुंबकत्वासोबत गाभ्याचं पोलाद सूक्ष्म प्रमाणात लांब-आखूड होत राहतं, सेकंदाला शंभर वेळा, आणि डीपीपाशी ऐकू येणारी घरघर त्याचीच.

एक बारकावा. ११ हजारांच्या डीपीतून वीज २३० व्होल्टची निघतच नाही. बिनभाराच्या स्थितीत ती प्रत्येक फेजला सुमारे २५० व्होल्टची असते, कारण वाटेतल्या तारांत काही व्होल्ट गळणार हे धरूनच आखणी केलेली असते. मग डीपीला लागून असलेल्या घरात दिवे जास्त प्रखर जळतात आणि लाइनीच्या शेवटच्या टोकाला असलेल्या विहिरीवरचा पंप कुंथत राहतो.

ट्रान्सफॉर्मरचा आणखी एक गुण व्होल्टेज कमी करण्याइतकाच मोलाचा आहे. त्याची दोन वेटोळी एकमेकांना तारेने जोडलेली नसतात. शक्ती जाते ती चुंबकत्वातून. त्यामुळे अलीकडचं घातक व्होल्टेज पलीकडे थेट पोचत नाही. हे अलगपण सगळ्या रीतींत नसतं आणि नसतं तिथे माणसं दगावतात.

स्टॅबिलायझर आणि डिमरस्टॅट यांत बहुधा एकाच वेटोळ्याचा ऑटोट्रान्सफॉर्मर असतो. वेटोळ्याच्या मध्यावर तार काढली की निम्मं व्होल्टेज मिळतं. तांबं आणि पोलाद कमी लागतं, म्हणून तो हलका आणि स्वस्त. स्टॅबिलायझरमधून येणारा ‘टक्’ आवाज रिले एका टॅपवरून दुसऱ्यावर उडी मारतो त्याचा. मात्र इथे दोन बाजू जोडलेल्या असतात, अलगपण नाही.

रोध: सोपी रीत, महागडा हिशेब

ट्रान्सफॉर्मर डीसीवर चालत नाही. बदलतं चुंबकत्व नाही तर दुसऱ्या वेटोळ्यात काहीच घडत नाही. मग बॅटरीवरच्या सर्किटमध्ये काय करायचं? सर्वांत सोपं म्हणजे वाटेत रेझिस्टर टाकायचा.

१२ व्होल्टच्या बॅटरीवर एक पांढरा एलईडी लावायचा आहे. त्याला हवेत ३ व्होल्ट आणि २० मिलिअँपिअर. उरलेले ९ व्होल्ट रेझिस्टरने झेलायचे. ओहमच्या नियमाने ९ भागिले ०.०२, म्हणजे ४५० ओहम; दुकानात मिळतो ४७०चा. काम झालं. आता शक्तीचा हिशेब करा. एलईडीत ०.०६ वॅट, रेझिस्टरमध्ये ०.१८ वॅट. चारातला एक भाग उजेडाच्या कामी, तीन भाग जळाले. तेच तीन एलईडी एकापुढे एक जोडले तर त्यांनाच ९ व्होल्ट लागतात आणि रेझिस्टरकडे फक्त ३ उरतात. खर्च तेवढाच, उजेड तिप्पट. कारच्या दिव्यांत आणि एलईडी पट्ट्यांत तीन-तीनचे गट दिसतात ते यामुळे.

व्होल्टेज वाटून घेण्याचं हे तत्त्व दिवाळीच्या जुन्या माळांमध्ये होतं. सहा व्होल्टचे अडतीसेक बल्ब एका ओळीत जोडले की २३० व्होल्ट त्यांच्यात वाटले जात. वाया काही जात नसे, पण एक बल्ब गेला की सगळी माळ अंधारात. दुरुस्ती करणाऱ्यांचा सिरीज बोर्डही याच जातीचा. तपासायच्या उपकरणाच्या वाटेत शंभर वॅटचा बल्ब. उपकरण आतून शॉर्ट असेल तर बहुतेक सगळं व्होल्टेज बल्बवर पडून तो लख्ख पेटतो आणि फ्यूज उडत नाही.

दोन रेझिस्टर ओळीत लावून मधून तार काढली की होतो व्होल्टेज डिव्हायडर. १० हजार ओहमचे दोन घेतले तर १२ व्होल्टचे मध्यावर ६ मिळतात. पण त्या सहांवर १०० ओहमचं एखादं उपकरण चालवायला जावं, तर तिथे उरतात जेमतेम ०.१२ व्होल्ट, कारण उपकरण जोडल्याबरोबर वाटणीचं प्रमाणच बदलतं. डिव्हायडर मोजमापासाठी आहे. मल्टीमीटरमध्ये शेकडो व्होल्ट मोजण्याजोगे लहान करायचे असोत किंवा सोलर कंट्रोलरला बॅटरीची पातळी कळवायची असो, तिथे तो नेमका बसतो. वीज पुरवायला तो वापरू नये.

पंख्याच्या रेग्युलेटरच्या तीन पिढ्या

दोन्ही घराण्यांतला फरक घरातल्या भिंतीवर बघायला मिळतो. पंख्याचा जुना रेग्युलेटर म्हणजे हाताच्या पंजाएवढी पेटी, आत गुंडाळलेली रोधक तार. पंखा मंद ठेवला की पेटी गरम होई आणि बिल त्या प्रमाणात उतरत नसे, कारण पंख्याकडून काढून घेतलेल्या व्होल्टेजचा भाग भिंतीवर जळत होता.

दुसऱ्या पिढीत ट्रायॅक आला. तो एसीच्या प्रत्येक अर्ध्या लाटेचा सुरुवातीचा तुकडा अडवून ठेवतो आणि उरलेलीच लाट पुढे सोडतो. जळत फारसं काही नाही, पण तुटक लाटेमुळे पंखा मंद गतीवर गुणगुणतो.

तिसरी पिढी आज प्रचलित असलेल्या टप्प्याटप्प्याच्या रेग्युलेटरची. यात कपॅसिटर असतात. एसीच्या वाटेत कपॅसिटर प्रवाहाला अडवतो, पण घेतलेली ऊर्जा जाळत नाही. पाव लाटेत साठवतो, पुढच्या पाव लाटेत परत करतो. म्हणून हे रेग्युलेटर थंड राहतात आणि पंखा आवाज करत नाही.

हीच युक्ती अतिस्वस्त एलईडी बल्बांत आणि डास मारायच्या रॅकेटच्या चार्जिंगमध्ये वापरतात. १ मायक्रोफॅरडचा कपॅसिटर ५० हर्ट्झला सुमारे ३१८० ओहमइतका अडथळा करतो, म्हणजे २३० व्होल्टवर ७२ मिलिअँपिअरपलीकडे जाऊ देत नाही. रुपया-दोन रुपयांत काम भागतं. पण अलगपण शून्य. सर्किटवर मोजलं तर पाच व्होल्ट दिसतील. प्रत्यक्षात त्यातला प्रत्येक बिंदू थेट मेनशी जोडलेला असतो आणि जमिनीवर उभ्या असलेल्या माणसाला तो पूर्ण २३०चा झटका देऊ शकतो. चार्जिंगला लावलेली अशी रॅकेट उघडून दुरुस्त करायला जाऊ नये ते म्हणूनच.

स्थिर पाच व्होल्ट

रेझिस्टरची दुसरी अडचण अशी, की बॅटरी उतरली किंवा भार बदलला की त्याच्या पलीकडचं व्होल्टेजही बदलतं. इलेक्ट्रॉनिक सर्किटला ते चालत नाही. साधा सिलिकॉन डायोड सुमारे ०.७ व्होल्ट कायम खातो, म्हणून थोडंसंच उतरवायचं असेल तर एक-दोन डायोड ओळीत लावणं हा जुना उपाय. झेनर डायोड उलट्या दिशेने जोडला की ठरावीक व्होल्टेजला, उदाहरणार्थ ५.१ला, तग धरून राहतो. पण त्याला काम नसतानाही प्रवाह लागतो, त्यामुळे तो लहान भारापुरताच.

लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्यातल्या बुधवार पेठेत सुटे भाग घेणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या यादीत असतो तो तीन पायांचा ७८०५. एका पायावर साधारण ७ ते २५ व्होल्टमधलं काहीही द्या, दुसऱ्यावर पाच घ्या. आत ट्रान्झिस्टर आहे, तो सतत आपला रोध कमी-जास्त करून जास्तीचं व्होल्टेज स्वतःवर घेतो. पाच मात्र पाचच राहतात, त्यात खळखळ अगदी कमी. रेडिओ आणि ऑडिओच्या सर्किटमध्ये त्याची शांतता आजही हवीशी वाटते.

पण तो जाळणाऱ्या घराण्यातला. १२ व्होल्टवरून १ अँपिअर घेतला तर उपयोगाला ५ वॅट, उष्णतेला ७. कार्यक्षमता ४२ टक्के. पाठीला ॲल्युमिनियमचा हीटसिंक लावला नाही तर तो तापून स्वतःला बंद करतो. म्हणून फरक लहान किंवा प्रवाह थोडा असेल तिथेच ७८०५ला बोलवावं.

जाळण्याऐवजी चालू-बंद

डीसी न जाळता उतरवायची कशी, हा एडिसनला न सुटलेला प्रश्न अर्धवाहकांनी सोडवला. पूर्ण चालू असलेल्या स्विचवर व्होल्टेज उरत नाही आणि पूर्ण बंद स्विचमधून प्रवाह जात नाही; दोन्ही स्थितींत तो तापत नाही. तेव्हा ट्रान्झिस्टरला अर्धवट उघडा ठेवण्याऐवजी सेकंदाला लाखो वेळा पूर्ण चालू-बंद केला तर?

बक कन्व्हर्टर नेमकं हेच करतो. १२चे ५ हवेत तर स्विच प्रत्येक फेरीत सुमारे ४२ टक्के वेळ चालू ठेवायचा. पुढे एक कॉइल असते. स्विच चालू असताना तिच्यातला प्रवाह वाढतो आणि तिच्या चुंबकत्वात ऊर्जा साठते. स्विच बंद झाला तरी कॉइल प्रवाहाला एकदम थांबू देत नाही. साठवलेली ऊर्जा खर्चून ती तो डायोडच्या वाटेने फिरता ठेवते. टोकाचा कपॅसिटर उरलेसुरले चढउतार सपाट करतो. कार्यक्षमता ९० टक्के धरली तर ५ व्होल्टला १ अँपिअर देताना बाराच्या बाजूने फक्त ०.४६ अँपिअर ओढला जातो. ७८०५ने पूर्ण १ अँपिअर ओढला असता. एलएम २५९६ या चिपचं अंगठ्याएवढं तयार मॉड्यूल बाजारात स्वस्तात मिळतं. ते १५० किलोहर्ट्झने चालतं आणि ३ अँपिअरपर्यंत देतं. खोट म्हटली तर वेगवान चालू-बंदमुळे होणारा विद्युतगोंगाट. संवेदनशील सर्किटमध्ये तो गाळून काढावा लागतो.

इलेक्ट्रिक कारमधल्या तीनशे-चारशे व्होल्टच्या बॅटरीवरून दिवे आणि वायपरसाठी १२ व्होल्ट काढणारा कन्व्हर्टरही चालू-बंद करणाराच. फक्त सुरक्षेसाठी त्यात छोटा ट्रान्सफॉर्मर मध्ये घालून अलगपण राखतात.

चार्जर एवढासा कसा झाला?

टेपरेकॉर्डरच्या काळातला एलिमिनेटर आठवत असेल, तर त्याचं वजनही आठवेल. ५० हर्ट्झच्या ट्रान्सफॉर्मरला भरपूर लोखंड लागतं, कारण प्रत्येक लाटेत बरीच ऊर्जा गाभ्यातून न्यायची असते. लाटा जलद केल्या तर प्रत्येक लाटेचा वाटा लहान होतो आणि गाभाही लहान पुरतो.

मोबाइलचा चार्जर आधी २३० व्होल्ट एसीचं डीसी करतो. ते २३० नव्हे तर जवळपास ३२५ व्होल्ट भरतं, कारण २३० हा परिणामी आकडा आणि ३२५ हे लाटेचं शिखर. हे डीसी सेकंदाला हजारो वेळा तोडून फेराइटच्या बोराएवढ्या ट्रान्सफॉर्मरला दिलं जातं. पलीकडे पाच व्होल्ट निघतात. ते बरोबर आहेत की नाही याची वर्दी उजेडाच्या मार्गाने, ऑप्टोकप्लरमधून, मागे पाठवली जाते, म्हणजे अलगपण मोडत नाही. बनावट चार्जरमध्ये काटकसर होते ती याच जागी: दोन बाजूंमधलं अंतर कमी, इन्सुलेशन पातळ.

डेस्कटॉप संगणकाच्या प्रोसेसरला साधारण एक व्होल्ट लागतो, पण प्रवाह कित्येक दहा अँपिअरचा. एवढा प्रवाह दुरून आणायचा तर मनगटाएवढी केबल लागेल. म्हणून मदरबोर्डपर्यंत १२ व्होल्ट आणतात आणि प्रोसेसरच्या अगदी शेजारी बक कन्व्हर्टरांची रांग बसवून ते उतरवतात. चंद्रपूरहून चार लाखांवर निघालेल्या विजेला जो नियम, तोच या चार बोटांच्या अंतराला.

अमेरिकेहून आलेलं यंत्र

नातेवाइकांनी अमेरिकेहून आणलेला मिक्सर किंवा कॉफीमेकर १२० व्होल्टचा असतो. त्याला आपल्याकडे स्टेपडाउन ट्रान्सफॉर्मर लागतो, तोही यंत्राच्या वॅटपेक्षा थोड्या जास्त क्षमतेचा. ‘वाटेत एक डायोड टाका, निम्मं होतं’ हा ऐकीव सल्ला मानू नये. डायोडने लाटेचा अर्धा भाग कापला की शक्ती निम्मी होते, पण परिणामी व्होल्टेज ११५ नाही, सुमारे १६३ उरतं. शिवाय मोटरला डीसीचा अंश मिळून ती तापते. ट्रान्सफॉर्मर लावला तरी अमेरिकेची ६० हर्ट्झची वारंवारता तो देऊ शकत नाही, त्यामुळे तिच्यावर बेतलेली घड्याळं आणि काही मोटरी मंद चालतात. लॅपटॉप किंवा फोनच्या चार्जरवर १००–२४० व्होल्ट असं छापलेलं असेल, तर मात्र कसलाच ट्रान्सफॉर्मर नको. पिनचा ॲडाप्टर पुरे.

कुठे काय वापरावं?

निवड करताना तीन गोष्टी विचाराव्यात: वीज एसी की डीसी, प्रवाह किती, आणि पलीकडच्या बाजूला माणसाचा हात लागणार आहे का. प्रवाह काही मिलिअँपिअरचा असेल तर रेझिस्टर किंवा झेनर पुरतो. अर्धा-एक अँपिअर, फरक दोन-तीन व्होल्टचा आणि गोंगाट नको असेल तर ७८०५च्या जातीचा रेग्युलेटर. डीसीत यापेक्षा मोठा फरक किंवा मोठा प्रवाह असेल तर बक कन्व्हर्टर. मेनच्या विजेवरून उतरवायचं असेल आणि हात लागण्याची शक्यता असेल, तर दोन वेगळ्या वेटोळ्यांचा ट्रान्सफॉर्मर किंवा प्रमाणित चार्जर, याला पर्याय नाही. तिथे वाचवलेले शंभर रुपये जिवावर बेतू शकतात. चार्जर घेताना त्यावर बीआयएसचं चिन्ह आहे की नाही, एवढं तरी पाहून घ्या.